रिकाम्या सिलिंडरचं वजन

तलासरीच्या ज्या कॉलेजात मी रसायनशास्त्र शिकवते, तिथे अकरावीला वायूंचं प्रकरण आलं की मुलं माझ्याकडे संशयाने बघतात. हवेला वजन असतं इथपर्यंत ती मानतात. पण एकाच मापाच्या दोन डब्यांत, सारख्या दाबाखाली आणि सारख्या तापमानाला, एकात हायड्रोजन भरला आणि दुसऱ्यात ऑक्सिजन, तर दोन्हींत रेणू तितकेच बसतात, हे काही केल्या त्यांच्या गळी उतरत नाही. ऑक्सिजनचा रेणू सोळापट जड, मग तो कमी बसायला नको का? मी पाट्यांचं उदाहरण देते. एका पाटीत शंभर मांदेली, तेवढ्याच दुसऱ्या पाटीत शंभर सुरमया. "मॅडम, सुरमया मावणार नाहीत," असं दरवर्षी कुणीतरी म्हणतंच आणि दरवर्षी मी चिडते. अरे, मासे नसतील मावत, वायू मावतात! वायूत सगळी मोकळी जागाच असते, रेणू नावापुरते. म्हणून लिटर कळले की रेणू कळतात आणि रेणू कळले की कुठल्या वायूचं वजन किती ते कागदावर सांगता येतं. आपल्याकडच्या हवामानात चोवीस लिटर हायड्रोजन दोन ग्रॅम भरतो, चोवीस लिटर ऑक्सिजन बत्तीस, आणि तेवढाच कार्बन डायऑक्साइड चव्वेचाळीस.

सतरा वर्षं मी हे फळ्यावर लिहीत आले. एक दिवस हेच माझ्या घरात, माझ्या बाबांच्या नाकातल्या नळीपर्यंत येऊन पोचलं.

आमचं घर धाकटी डहाणूला, खाडीच्या तोंडाशी. बाबांनी चाळीस वर्षं बोटीचं इंजिन सांभाळलं. डिझेलचा धूर बाहेरून आणि विडीचा आतून. शेवटी फुप्फुसं वाळल्या बोंबलासारखी कडक झाली. ही उपमा डॉक्टरांची नाही, बाबांचीच. घरात हवेतून ऑक्सिजन वेगळा काढणारं मशीन होतं. ते दिवसरात्र घरघरायचं आणि त्याला लावलेली नळी नाकात घालून बाबा दाराजवळच्या खुर्चीत बसून जाळी विणायचे. मशीन विजेवर चालणारं, आणि आमच्याकडची वीज म्हणजे मर्जी बहाद्दर. म्हणून एक छोटा सिलिंडर आम्ही विकत घेऊन ठेवला होता. रिकामा झाला की भाऊ मोटरसायकलवर बांधून तलासरीला न्यायचा आणि तोच भरून परत आणायचा.

त्या सिलिंडरच्या चावीवर दाब दाखवणारी सुई असते. आमची सुई अर्ध्यावर अडकून बसली होती. भरलेला असो, रिकामा असो, ती आपली अर्ध्यावर. भरून देणारा माणूस प्रत्येक खेपेला "पुढच्या वेळी बदलून देतो" म्हणायचा. मी त्याला एकदा तोंडावर बोलून घेतलं, त्यानेही उपयोग झाला नाही. मग मी स्वतःची अक्कल चालवली. ऑक्सिजनला वजन आहे ना? भरलेल्या सिलिंडरमध्ये दीड हजार लिटर बसतो, म्हणजे बरोबर दोन किलो. तितकाच हायड्रोजन असता तर सव्वाशे ग्रॅम भरला असता, साध्या तराजूला तो धड कळलाही नसता. ऑक्सिजन आहे म्हणून तोलता येतो. रिकाम्या सिलिंडरचं वजन एकदा माहीत झालं की पुढे कधीही तोलायचं, वजाबाकी करायची आणि किती तास उरले ते सांगायचं. अडकलेल्या सुईची गरजच काय!

तोलायची सोय तर घरातच होती. आई सुकी मासळी विकते. ओटीवर आढ्याला टांगलेला दोन पारड्यांचा मोठा तराजू आहे, माझ्या जन्माच्या आधीपासूनचा. सिलिंडरवर ठोकलेला वजनाचा आकडा रंगाच्या थरांखाली गडप झाला होता. म्हणून मी एका सकाळी कॉलेजला निघताना आईला सांगून ठेवलं होतं, "आज हा रिकामा होईल. झाला की चावीसकट तोलून ठेव." संध्याकाळी मी घरात पाऊल टाकलं तशी ती ओटीवरूनच ओरडली, "चौदा किलो गो!" मी पेन्सिलने भिंतीवर, कॅलेंडरच्या शेजारी, १४ असं लिहिलं आणि त्याखाली रेघ मारली.

गेल्या वर्षी पावसाळा सरता सरता एक वादळ आलं. नाव ठेवण्याइतकं मोठं नव्हतं. पण रात्रभर वारा घोंघावला आणि सकाळी सहाला मशीनची घरघर थांबली. मी लगेच नळी अर्धवट वापरलेल्या सिलिंडरला जोडली, मिनिटाला दोन लिटरवर ठेवली. उजाडल्यावर बघितलं तर विजेचे खांब भाताच्या लोंब्यांसारखे वाकलेले, गावाबाहेरच्या रस्त्यावर सुरूची झाडं आडवी, आणि कुणाच्याच फोनला रेंज नाही. रुग्णवाहिका बोलवायची म्हटलं तरी कशाने बोलवणार?

नऊ वाजता भाऊ बोटी बघून आला. म्हणाला, "ताई, तलासरीला जातो. झाडांतून मोटरसायकल कशीबशी काढीन. पुढचा रस्ता बंद हाय म्हणतात, झाईवरून फिरून जावं लागेल. दुसरा सिलिंडर घेऊन येतो. पण हा पुरंल का तोवर?"

"थांब. तोलू या," मी म्हटलं.

सिलिंडर दोघांनी उचलून पारड्यात ठेवला. नळी तशीच बाबांच्या नाकात, ती ताणली जाऊ नये म्हणून बाबांची खुर्ची तराजूला चिकटवली. दुसऱ्या पारड्यात मी एकेक वजन टाकत गेले. दहा, पाच काढून दोन-दोन, मग पाचशे, दोनशे, शंभर. दांडी अगदी सपाट होईपर्यंत मी हलले नाही. प्रयोगशाळेत मुलांनी घाई केली की मी त्यांच्या हातावर पट्टी मारते. चौदा किलो आठशे ग्रॅम. भिंतीवर चौदा. उरला आठशे ग्रॅम ऑक्सिजन, म्हणजे सहाशे लिटर. मिनिटाला दोन लिटर, म्हणजे तीनशे मिनिटं.

"पाच तास. दोन वाजेपर्यंत," मी म्हटलं.

"मी एक वाजता हजर," भाऊ म्हणाला आणि निघाला.

आईला मात्र ते पटलं नव्हतं. ती बाबांच्या खुर्चीच्या पाठीला धरून उभी होती. "डहाणूला नेऊ या त्यांना दवाखान्यात. याच खुर्चीवर बसवून. बोटीवरचे चार गडी हायेत, उचलतील. झाडांच्या पलीकडं गेलं की रिक्षा, टेम्पो, काय तरी भेटंल."

"झाडं ओलांडत खुर्ची न्यायची? दोन तास हिसके बसतील. त्यांची धाप वाढली की दोन लिटर पुरायचे नाहीत. इथे शांत बसले तर पाच तास आहेत."

"पाच तास कुठं लिहिलंय?"

मी कागद तिच्यापुढे धरला. तिला लिहिता-वाचता येत नाही हे मला त्या क्षणी आठवलं नाही, किंवा आठवलं तरी मी धरला. तिने कागदाकडे बघितलं आणि म्हणाली, "मग जरा बारीक तरी कर. पुरवून पुरवून वापरू."

"तो काय स्टोव्ह आहे बारीक करायला?"

असं मी म्हटलं. या शब्दांत. एका लिटरवर बाबांना धाप लागायची, हे खरं होतं. पण लागली असती थोडी धाप. बाबांनी हात वर केला. एका दमात त्यांना दोन-तीन शब्दच बोलता यायचे. "मास्तरीण सांगते ना... गप ऱ्हा," ते आईला म्हणाले.

अकरा वाजता मी पुन्हा तोललं. साडेचौदाच्या किंचित खाली. दोन तासांत जेवढा जायला हवा होता तेवढाच गेला होता. मला त्या वेळी काय वाटलं ते मी लपवणार नाही. मला स्वतःचं कौतुक वाटलं. बाहेर खांब पडलेत, फोन मेलेत, सगळं गाव हवालदिल होऊन दारात बसलंय, आणि माझ्या ओटीवर मात्र ग्रॅम आणि लिटर ठरल्याप्रमाणे चाललेत. मी बाबांना सांगितलंही, "बरोबर चाललंय. अजून तीन तास आहेत." ते हसले. आईने पेज आणली, त्यांनी चार चमचे घेतली.

पाऊण वाजायला पाच मिनिटं कमी असताना बाटलीतल्या पाण्याचे बुडबुडे विरळ झाले. ऑक्सिजन पाण्याच्या बाटलीतून नळीत जातो, त्यामुळे सतत बुडबुडे येत असतात. त्यांचा आवाज आपण ऐकतोय हे आवाज कमी झाल्यावर कळतं. प्रवाह दाखवणाऱ्या काचेच्या नळीतली गोळी दोनवरून दीडवर आली, मग एकवर. मी चावी आणखी उघडली. गोळी जराशी वर उडाली आणि पुन्हा खाली यायला लागली.

अजून सव्वा तासाचा ऑक्सिजन आत असल्याची माझी खात्री होती. म्हणून तो संपलाय हे मला सुचलंच नाही. मी नळी तपासली, कुठे मुडपलीय का. बाटलीचं झाकण उघडून पुन्हा लावलं. चावीत कचरा अडकला असेल म्हणून पाना आणला, चावी काढली, फुंकली, पुन्हा बसवली. आई "काय झालं, काय झालं" करत होती आणि मी तिच्यावर खेकसत होते, "काही नाही, अडकलंय कुठेतरी." यात दहा-बारा मिनिटं गेली. गोळी तळाला बसली होती. बाबांचे ओठ जांभळे पडले होते आणि ते माझ्याकडे बघत होते. घाबरून नव्हे. मी आत्ता ठीक करीन अशा नजरेने बघत होते.

मग आईने माझ्या हातातला पाना हिसकून फेकला आणि अंगणात जाऊन बोंब ठोकली. चार गडी धावत आले. खुर्ची उचलली. मी एका बाजूने बाबांचा हात धरून पळत होते, दुसरीकडून आई. बोंबील वाळवायच्या बांबूंच्या रांगा ओलांडल्या, देवळापुढून गेलो, पहिल्या आडव्या झाडापाशी पोचलो. खुर्ची झाडावरून पलीकडे द्यायची म्हणून दोघे पलीकडे चढले. खुर्ची वर उचलली तेव्हा बाबांची मान एका बाजूला कलंडली. पुढचा गडी म्हणाला, "थांबा." सगळे थांबले. मला कळलं होतं तरी मी "चला, चला" म्हणत राहिले. शेवटी एकाने माझ्या खांद्यावर हात ठेवला.

भाऊ त्याच झाडाच्या पलीकडून आला, मोटरसायकलच्या मागे दोरीने घट्ट बांधलेला भरलेला सिलिंडर घेऊन. दीड वाजला होता. "दोन वाजायचेत ना अजून?" त्याने मला विचारलं. तो बरोबर विचारत होता.

पुढचे दिवस मी कसे काढले ते मला नीट सांगता येणार नाही. घर बायकांनी भरलेलं असायचं आणि आई येणाऱ्या प्रत्येकीला तेच सांगायची. मी नेऊ या म्हणत होते. मी बारीक कर म्हणत होते. पोरगी एवढी शिकलेली, पोरांना शिकवते, पण हिशेब चुकला. ती हे रागाने म्हणत नव्हती. अंगावर पडलेली आपत्ती माणूस पुन्हा पुन्हा सांगून बघतो ना, तशी सांगत होती. मी आतल्या खोलीत कागद घेऊन बसायचे. बत्तीस भागिले चोवीस. आठशे ग्रॅमला सहाशे लिटर. दर वेळी उत्तर पाच तास यायचं. कुठे गळती असेल म्हणावं, तर अकराला तोललेलं वजन बरोबर होतं. मला झोप लागत नव्हती, अन्न जात नव्हतं. आपण बापाला मारलं आणि कसं मारलं हेही आपल्याला माहीत नाही, यासारखी दुसरी शिक्षा नसेल.

तेरावं झाल्यावर मी आमचा रिकामा सिलिंडर, चावीसकट, रिक्षात घालून तलासरीला घेऊन गेले. भरून देणाऱ्याकडे वजनाचं इलेक्ट्रॉनिक मशीन आहे. त्यावर उभा केला. चौदा किलो दोनशे ग्रॅम.

"तुमचं मशीन चुकतंय," मी त्याला म्हटलं. त्याने पाच किलोचं वजन त्यावर ठेवून दाखवलं. पाच किलो शून्य ग्रॅम. सिलिंडर पुन्हा ठेवला. चौदा दोनशे. दोनशे ग्रॅम म्हणजे दीडशे लिटर, म्हणजे पंचाहत्तर मिनिटं. पाऊण ते दोन. माझा सव्वा तास तिथे होता. भिंतीवरच्या चौदात.

आई चौदा किलो आणि चौदा किलो दोनशे यांत चूक कशी करेल? जी बाई मुठीत सुकट घेऊन तिचं वजन सांगते, ती? घरी येईपर्यंत मी हाच विचार करत होते. बाबा गेल्यापासून पहिल्यांदाच आई ओटीवर बसली होती, दुकान मांडून. कैनाड गावची एक बाई बोंबील न्यायला आली होती. आईने एका पारड्यात किलोचं वजन टाकलं आणि दुसऱ्यात बोंबील घालायला लागली. दांडी सपाट झाली. आई थांबली नाही. आणखी चार बोंबील घातले, बोंबलाचं पारडं खाली गेलं, चांगलं खाली गेलं, मग तिने दांडीवर बोट टेकवलं आणि म्हणाली, "एक किलो."

मी पायरीवरच खाली बसले.

मी लहानपणापासून हे बघत आले होते. गिऱ्हाइकाचं पारडं सपाट ठेवलं तर ते कमी दिल्यासारखं. मालाची बाजू झुकली की मगच तोंडातून आकडा काढायचा. माझ्या आजीनेही तसंच तोललं, तिच्या आईनेही तोललं असेल. सिलिंडरही आईने तसाच तोलला. चौदा किलो वजनं टाकली, सिलिंडरचं पारडं झुकलेलं बघितलं, तिला ते छान दिसलं आणि ती ओरडली, चौदा किलो. तिने हातचं राखून काही सांगितलं नव्हतं. तिच्या हाताला वजन असंच करता येतं. आणि हे मला, तिच्या पोटच्या पोरीला, त्या तराजूखाली रांगलेलीला, ठाऊक असायला हवं होतं. मी दोन वेळा सपाट दांडीने तोललं आणि त्यातून तिचा झुकता आकडा वजा केला.

कैनाडची बाई गेली. आईने माझ्याकडे बघितलं. मी कुठे गेले होते ते तिला माहीत होतं, सिलिंडर रिक्षातून उतरवताना तिने बघितला होता.

"कळलं का काय?" तिने विचारलं.

माझा स्वभाव तिखट आहे. चौदा दिवस ती जे आल्या-गेल्याला सांगत होती ते मी आतल्या खोलीतून ऐकत आले होते आणि आता माझ्याकडे उत्तर होतं, दशांश चिन्हासकट. तोंड उघडलंसुद्धा मी.

तेवढ्यात ती सांडलेले बोंबील गोळा करत स्वतःशीच म्हणाली, "चाळीस वर्सं झाली तोलते. कुणी येऊन म्हणू दे, हिनं मला कमी दिलं म्हणून."

"कुणी नाही म्हणणार," मी म्हटलं.

"मग तुझं चुकलं कुठं गो?"

"वजाबाकीत," मी म्हटलं. "वजाबाकीत चुकलं, आई."

तिने पारडी उचलून एकात एक ठेवली आणि म्हणाली, "वजाबाकी तर चौथीतल्या पोरीला येते."

मी म्हटलं, "हो."